शहराध्यक्षाने स्वतः निवडणूक लढवावी का? पक्षाध्यक्षाचं नेमकं काम काय?

नारायणपेठी (धागाकर्ता)

पुण्यात कुठल्याही पक्षाचा शहराध्यक्ष बदलला की दोनच प्रश्न विचारले जातात. हा कुठल्या गटाचा, आणि याला विधानसभा लढवायची आहे का? संघटना कशी चालवणार, हे विचारणारा क्वचित भेटतो. मी बरीच वर्षं एका पक्षाचं काम करतोय. पक्षाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. नाव आलं की चर्चा तिकडेच वळते, आणि मला जे म्हणायचंय ते शहरातल्या सगळ्याच पक्षांना लागू आहे.

माझं म्हणणं असं: जो शहराध्यक्ष आहे त्याने त्या मुदतीत स्वतः उमेदवार असू नये. महापालिकेलाही नाही, विधानसभेलाही नाही. लढायचं असेल तर मतदानाच्या वर्षभर आधी पद सोडावं आणि बाकीच्या इच्छुकांच्या रांगेत उभं राहावं.

बाहेरून शहराध्यक्ष दिसतो तो पत्रकार परिषदेत, आंदोलनात आणि चौकातल्या फ्लेक्सवर. त्याचं बरंचसं काम कार्यालयाच्या मागच्या खोलीत चालतं. प्रारूप प्रभाग रचना जाहीर झाली की नकाशा घेऊन बसायचं, कुठली वस्ती कुठून तोडून कुठे जोडली ते बघायचं आणि मुदतीत हरकती टाकायच्या. मतदार याद्या प्रभागनिहाय फोडल्या जातात तेव्हा एकाच सोसायटीची ए विंग एका प्रभागात आणि बी विंग दुसऱ्या प्रभागात गेलेली असते. ते शोधायला माणसं लावायची. बूथ कमिटी खरोखर आहे की नुसती कागदावर आहे, ते जाऊन तपासायचं. महापालिकेतला गटनेता आणि संघटना यांचं जमत नसेल तर मध्ये पडायचं. आमदाराने परस्पर आपली माणसं कार्यकारिणीत घुसवली तर त्याला तोंडावर सांगायचं की हे चालणार नाही. साध्या सभासदाची तक्रार एखाद्या पदाधिकाऱ्याविरुद्ध असेल तर ती दोघांना समोर बसवून ऐकायची. हे सगळं निवडणूक नसते तेव्हाच व्हावं लागतं.

मग येतं तिकीटवाटप. पुणे महापालिकेत १६५ जागा, ४१ प्रभाग, आणि बहुतेक प्रभागांत चार जणांचं पॅनेल. अंतिम यादी मुंबईत ठरते हे मान्य. पण शिफारस शहरातून जाते आणि कोअर कमिटीच्या खोलीत शहराध्यक्ष बसलेला असतो. तो स्वतः इच्छुक असेल तर पेपर काढणारा आणि सोडवणारा एकच होतो. आपल्या प्रभागात आरक्षण काय पडलं, आपल्या पॅनेलमधले बाकीचे तिघे कोण, शेजारच्या प्रभागात कुणाला दिलं तर आपल्याला हातभार लागेल, यातच त्याचा जीव अडकतो. ज्याला डावललं जातं त्याला वाटतं की माझा बळी याच्या सोयीसाठी गेला. ते दरवेळी खरं असतंच असं नाही, पण बंडखोरीला तेवढा संशय पुरतो.

एका निवडणुकीत आमचे अध्यक्ष स्वतः उमेदवार होते. अर्ज भरायच्या शेवटच्या दिवशी दुपारी तीनच्या आत एबी फॉर्म, म्हणजे हा आमचा अधिकृत उमेदवार असं पक्षाचं पत्र, निवडणूक निर्णय अधिकाऱ्याकडे पोचला नाही तर पक्षाचा माणूस अपक्ष ठरतो. त्या दिवशी शहराच्या दुसऱ्या टोकाला एकाच जागेसाठी आमच्या दोघांच्या हातात फॉर्म गेले होते. कुणाचा धरायचा हे सांगू शकणारा एकच माणूस होता आणि तो स्वतःचा अर्ज भरायला क्षेत्रीय कार्यालयात थांबलेला. फोन बंद. त्या गोंधळात जागा गेली. त्या दोघांतला एक जण उमेदीची सगळी वर्षं सतरंज्या उचलत आलेला होता. त्यानंतर तो पक्ष कार्यालयाची पायरी चढला नाही. जागा पुढच्या वेळी परत मिळू शकते, असा माणूस परत मिळत नाही.

राज्य आणि देश पातळीवरही हाच नियम असावा का, यावर वाचायला आवडेल.

सिंहगडरोडकर

तळमळ पोचली, पण पटलं नाही.

शहराध्यक्षाला पगार नसतो. कार्यालयाचं भाडं, चहापाणी, गाड्या, आंदोलनाचा मंडप, अंगावर आलेल्या केसेसचे वकील, यातलं बरंच पदरचं जातं. घरचे बोलणी देतात ती वेगळीच. एवढं करून वर तिकीटही नाही म्हटलं तर हे पद घेणार कोण? एक तर ज्याच्याकडे आधीच पैसा आहे तो, नाही तर एखाद्या आमदाराने बसवलेला होयबा. तुम्हाला जे टाळायचंय तेच होईल.

दुसरं असं की ज्याच्यामागे स्वतःची मतं नाहीत त्याचं आमदार-खासदार ऐकत नाहीत. निवडून आलेल्या माणसाला वजन असतं, ते नियुक्तीपत्राने येत नाही.

आणि उदाहरण आपल्याच शहरातलं घ्या. २०१९ च्या विधानसभेला चंद्रकांत पाटील भाजपचे प्रदेशाध्यक्ष असताना कोथरूडमधून उभे राहिले. विद्यमान आमदार मेधा कुलकर्णी यांचं तिकीट गेलं, बाहेरचा उमेदवार म्हणून केवढी ओरड झाली. तरी ते जिंकले आणि पक्ष राज्यात सगळ्यात मोठा ठरला. त्याच निवडणुकीत काँग्रेसचे प्रदेशाध्यक्ष बाळासाहेब थोरात संगमनेरमधून लढले आणि निवडून आले. अध्यक्ष लढला म्हणून पक्ष बुडाला, असं यात कुठे दिसतं?

नारायणपेठी

सिंहगडरोडकर, खर्चाचा मुद्दा खरा आहे, त्याकडे नंतर येतो. आधी कोथरूड.

भाजपमध्ये अध्यक्षाखेरीज संघटन सरचिटणीसांची वेगळी फळी असते आणि त्या पदावरचा माणूस सहसा निवडणूक लढवत नाही. अध्यक्ष मतदारसंघात गुंतला तरी यंत्रणा चालू राहते. म्हणजे मी म्हणतोय ती सोय त्यांनी दुसऱ्या नावाने करून ठेवलीच आहे. ज्या पक्षांत ती नाही तिथलं बघा. २०१९ च्या लोकसभेला अशोक चव्हाण काँग्रेसचे प्रदेशाध्यक्ष होते आणि नांदेडचे उमेदवारही. नांदेड गेलं, राज्यात पक्षाला एकच जागा मिळाली, चंद्रपूरची. २०२४ च्या विधानसभेला नाना पटोले प्रदेशाध्यक्ष असताना साकोलीत २०८ मतांनी निवडून आले. मतदारसंघ इतका अटीतटीचा असताना त्या माणसाने उरलेल्या महाराष्ट्रात किती फिरायचं?

चिंचवडचा

यावरून निष्कर्ष काढू नका. २०२४ च्या लोकसभेला पटोले उभे नव्हते आणि काँग्रेसच्या १३ जागा आल्या, विधानसभेला उभे होते आणि १६ आल्या, हे आकडे तुमच्या बाजूचे दिसतात. पण त्या सहा महिन्यांत सरकारने लाडकी बहीण आणली, महायुतीने जागावाटप लवकर उरकलं, आघाडीत शेवटपर्यंत ओढाताण चालली. प्रदेशाध्यक्ष घरी बसला असता तरी फार फरक पडला नसता असं मला वाटतं.

शहराची गोष्ट मात्र वेगळी आहे. महापालिकेत पाचशे मतांनी पॅनेल फिरतं. तिथे अध्यक्ष मोकळा असण्याने फरक पडतो. आमच्या पिंपरी-चिंचवडलाही हेच बघितलंय.

जुनीपानं

या चर्चेला १९६७ साल फार उपयोगी आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

के. कामराज यांनी १९६३ मध्ये मद्रासचं मुख्यमंत्रिपद आपणहून सोडलं. ज्येष्ठांनी सत्ता सोडून संघटनेत यावं, ही कामराज योजना म्हणून ओळखली जाते. १९६४ च्या सुरुवातीला ते काँग्रेसचे अध्यक्ष झाले. त्या वर्षी मे महिन्यात नेहरू गेले, १९६६ च्या जानेवारीत शास्त्रीजी गेले, आणि दोन्ही वेळा पंतप्रधान ठरवताना सूत्रं कामराजांच्या हातात होती. पक्षाध्यक्षाचं वजन स्वातंत्र्यानंतर इतकं क्वचितच कुणाला लाभलं. हे वजन कुठल्या मतदारसंघातून आलेलं नव्हतं. सगळ्या प्रांतांतल्या माणसांशी बोलून, कुणाचं काय म्हणणं आहे ते ऐकून, कुणालाही न दुखावता मत तयार करण्याच्या त्यांच्या पद्धतीतून ते आलं होतं. सिंहगडरोडकर म्हणतात की स्वतःची मतं नसतील तर कुणी ऐकत नाही. त्यांनी कामराजांची ती तीन वर्षं बघावीत.

आणि १९६७ मध्ये तेच कामराज अध्यक्ष असताना विरुधुनगरमधून विधानसभेला उभे राहिले आणि द्रमुकच्या एका तरुण विद्यार्थी नेत्याकडून हरले. मद्रासची सत्ता गेली, उत्तरेतही राज्यामागून राज्यं हातची गेली. पुढच्या दोन वर्षांत पक्षात जी झुंज लागली तिच्यात हरलेल्या अध्यक्षाचा शब्द पूर्वीसारखा चालला नाही. उमेदवार नसते तर पराभव पक्षाचा म्हणता आला असता. तो त्यांच्या नावावर चढला.

आता दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. त्याच १९६७ च्या निवडणुकीत आपल्या पुण्याने लोकसभेवर एस. एम. जोशींना पाठवलं, आणि एसेम तेव्हा संयुक्त समाजवादी पक्षाचे अध्यक्ष होते. म्हणजे अध्यक्ष उभा राहिला की हरतोच, असा काही नियम नाही. ना. ग. गोरे त्याच सुमाराला पुण्याचे महापौर झाले आणि प्रजासमाजवादी पक्षाचं अध्यक्षपदही त्यांनी सांभाळलं. छोट्या पक्षाला माणसं कमी, त्यामुळे एकाच माणसाने चार कामं करायची वेळ येते. नारायणपेठींचा नियम मोठ्या पक्षांना लावावा, लहान पक्षांना सवलत द्यावी.

पण मला त्याहून मोठा प्रश्न वाटतो तो अध्यक्ष आणि सरकार यांच्यातल्या नात्याचा. आचार्य कृपलानी स्वातंत्र्य आलं तेव्हा काँग्रेसचे अध्यक्ष होते. सरकार आपल्याशी विचारविनिमय करत नाही म्हणून त्यांनी नोव्हेंबर १९४७ मध्ये पद सोडलं. देश स्वतंत्र होऊन तीन महिने झाले होते! १९५० मध्ये पुरुषोत्तमदास टंडन निवडून आले. नेहरूंची पसंती कृपलानींना होती, आपल्याकडचे शंकरराव देवही रिंगणात होते. मतं पडली टंडन १३०६, कृपलानी १०९२, देव २०२. अधिवेशन नाशिकला झालं. वर्षभरात कार्यकारिणीवरून वाद इतका वाढला की सप्टेंबर १९५१ मध्ये टंडन बाजूला झाले आणि पंतप्रधान स्वतःच अध्यक्ष बनले. प्रतिनिधींनी मतं देऊन निवडलेला अध्यक्ष वर्षभरात गेला. माझ्या मते सत्तेतल्या पक्षाचा अध्यक्ष सरकारला प्रश्न विचारू शकतो ही परंपरा आपल्याकडे रुजायच्या आत तिथेच मोडली, आणि तिचे परिणाम आज गल्लीपासून दिल्लीपर्यंत दिसतात. पालकमंत्री आले की शहराध्यक्ष दार उघडायला धावतो, ते उगाच नाही.

लेस्टरहून

मूळची सदाशिव पेठेतली, आता इंग्लंडात. इकडचं सांगते.

इथे कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षात नेता वेगळा आणि चेअरमन वेगळा. चेअरमनला नेता नेमतो. त्याच्याकडे मुख्यालय, पैसा, प्रचार, उमेदवारांच्या मंजूर यादीची व्यवस्था. धोरण ठरवणं त्याचं काम नव्हे. तो बहुतेक वेळा खासदारही असतो, आणि त्यातून नारायणपेठी म्हणतात तशी पंचाईत झालेली आहे. १९९२ मध्ये ख्रिस पॅटन चेअरमन होते. जॉन मेजर हरणार असं बहुतेकांना वाटत होतं. पॅटन यांनी देशभराचा प्रचार सांभाळला, पक्ष जिंकला, आणि त्याच रात्री बाथची त्यांची स्वतःची जागा गेली. पुढे ते हाँगकाँगचे शेवटचे ब्रिटिश गव्हर्नर म्हणून गेले. पक्षासाठी झटणाऱ्या माणसाने आपला मतदारसंघ गमावायचा, हे मला तरी अन्यायाचं वाटतं.

स्थानिक पातळीवर मात्र इथली पद्धत घेण्यासारखी आहे. मतदारसंघाच्या असोसिएशनचा चेअरमन सभासदांमधूनच निवडलेला स्वयंसेवक असतो. मंजूर यादीतून उमेदवार निवडायच्या बैठका तो चालवतो आणि सहसा स्वतः त्या यादीत नसतो. बैठकीत इच्छुक बोलतात, सभासद प्रश्न विचारतात, मत देतात. पुण्यात एखाद्या प्रभागापुरती तरी अशी बैठक घेऊन बघा.

ताई_हडपसर

मी महिला आघाडीचं काम केलेलं आहे. दोन गोष्टी सांगते ज्या वर कुणी लिहिल्या नाहीत.

पहिली. मार्च २०२२ मध्ये महापालिकेची मुदत संपली आणि प्रशासक आला. नगरसेवकच उरले नाहीत. तेव्हा पाणी आलं नाही, ड्रेनेज तुंबलं, रस्ता खोदून ठेवला, तर लोकांनी जायचं कुणाकडे? माजी नगरसेवकांकडे जायचे, पण त्यांच्या हातात अधिकार नव्हता, आणि ज्यांना पुढच्या वेळी तिकिटाची खात्री वाटत नव्हती त्यांनी लक्ष काढून घेतलं. त्या काळात मला पहिल्यांदा कळलं की पक्षाचं शहर कार्यालय कशासाठी असतं. ज्या शहराध्यक्षाने खात्यानुसार माणसं नेमली, कोण पाणीपुरवठ्याला जाणार, कोण पथ विभागाला, कोण आरोग्याला, आणि दर आठवड्याला त्यांच्याकडून हिशेब घेतला, त्यांच्याकडे लोक टिकून राहिले. आमच्या भागातल्या बायका हंडे घेऊन क्षेत्रीय कार्यालयात गेल्या तेव्हा निवेदनावर सही शहराध्यक्षांची होती आणि साहेबांच्या केबिनमध्ये ते आमच्याबरोबर आले होते. ते कुठेच उमेदवार नव्हते. आमचा प्रभाग त्यांचा नव्हता. म्हणूनच ते आले असं मी म्हणेन.

दुसरी. महाराष्ट्रात स्थानिक संस्थांमध्ये निम्म्या जागा महिलांना राखीव आहेत. म्हणजे पुण्यात पक्षाला ऐंशीच्या वर बायका उभ्या करायच्या असतात. त्या आयत्या वेळी कुठून येणार? आरक्षणाची सोडत निघाली की मग माजी नगरसेवकाची बायको, सून, वहिनी शोधली जाते, आणि बूथवर राबलेली बाई मागेच राहते. चार वर्षं आधीपासून बायकांना प्रशिक्षण देणं, सभेत बोलायला लावणं, महापालिकेचं अंदाजपत्रक वाचायला शिकवणं हे अध्यक्षाचं काम आहे. ज्याला स्वतःची जागा जपायची आहे तो दुसऱ्या कुणाला मोठं होऊ देत नाही, बाईला तर नाहीच. मी हे अनुभवलंय.

नारायणपेठी दादा, तुमच्या नियमाला माझा पाठिंबा. पण अध्यक्षाच्या घरातलंही कुणी उमेदवार नको, हे त्यात हवं. नाही तर नवरा अध्यक्ष आणि बायको उमेदवार, मग नियमाचा उपयोग काय?

वकील_शिवाजीनगर

ताईंचा मुद्दा महत्त्वाचा. आता कायद्याचं बघू, कारण अध्यक्ष कसा निवडला जातो याला गेल्या काही वर्षांत फार किंमत आली आहे.

लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम २९अ खाली पक्षाची नोंदणी होते. निवडणूक आयोगाला पक्षाची घटना द्यावी लागते आणि ठरावीक मुदतीने अंतर्गत निवडणुका घेण्याची तरतूद तिच्यात असावी लागते. पण ती पाळली नाही तर? सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच सांगितलं की अशा कारणावरून नोंदणी रद्द करायचा अधिकार आयोगाला नाही. पक्षांतर्गत लोकशाहीसाठी कायदा करा, ही शिफारस विधी आयोगाच्या १९९९ च्या १७० व्या अहवालात आहे. ती तशीच पडून आहे. त्यामुळे बहुतेक पक्षांत अध्यक्ष 'एकमताने' निवडला जातो आणि खालची सगळी पदं तो नेमतो.

याचा फटका पक्ष फुटल्यावर बसतो. १९६९ मध्ये काँग्रेस अध्यक्ष निजलिंगप्पा यांनी इंदिरा गांधींना पक्षातून काढलं, पण बहुसंख्य खासदार इंदिराजींबरोबर राहिले. त्या वादातून १९७१ चा सादिक अली निकाल आला आणि खरा पक्ष कोणता हे ठरवायच्या कसोट्या पक्क्या झाल्या: पक्षाची ध्येयं व घटना, संघटनेतलं बहुमत आणि विधिमंडळातलं बहुमत. आता १७ फेब्रुवारी २०२३ चा शिवसेनेचा आणि ६ फेब्रुवारी २०२४ चा राष्ट्रवादीचा निकाल वाचा. दोन्हीकडे आयोगाने आमदार-खासदारांची संख्या निर्णायक धरली. संघटनेच्या बहुमताची कसोटी उपयोगाची ठरली नाही, कारण संघटनेतल्या निवडी लोकशाही पद्धतीने झाल्या का, याबद्दलच आयोगाचं समाधान झालं नाही. विधानसभा अध्यक्षांनी १० जानेवारी २०२४ ला निकाल देताना शिवसेनेची १९९९ ची घटना धरली, २०१८ ची नाही. कुणाची बाजू बरोबर यात मी शिरत नाही. मला दिसतं ते हे, की शाखेपासून शहरापर्यंत राबलेल्या हजारो पदाधिकाऱ्यांची शपथपत्रं गोळा झाली आणि पारडं फिरलं ते आमदारांच्या आकड्याने.

गंमत अशी म्हणणार नाही, खेदाची गोष्ट अशी की सर्वोच्च न्यायालयाने ११ मे २०२३ च्या निकालात म्हटलंय, प्रतोद (सभागृहात आमदारांना पक्षादेश देणारा) नेमायचा अधिकार राजकीय पक्षाचा आहे, विधिमंडळ पक्षाचा नाही. म्हणजे कायद्याच्या नजरेत संघटना मोठी. पण संघटना म्हणजे कोण, हे सिद्ध करायची वेळ आली की रीतसर झालेल्या निवडणुकीचा कागद लागतो. म्हणून शहराध्यक्षाची निवडणूक खरोखर घ्या, मतपत्रिका जपा, इतिवृत्त लिहा आणि ते आयोगाकडे जाईल अशी व्यवस्था करा.

एफसीरोड_२००४

मी विद्यार्थी आहे, कुठल्या पक्षात नाही. एक प्रश्न. अध्यक्ष सभासदांनी मतदान करून निवडला तर हे सगळं सुटेल ना? काँग्रेसमध्ये २०२२ ला झालंच की. खरगे ७८९७, थरूर १०७२.

चिंचवडचा

मित्रा, प्रश्न चांगला आहे. पण ते मतदान सभासदांचं नव्हतं, प्रदेश काँग्रेसच्या प्रतिनिधींचं होतं, देशभरातून साडेनऊ हजारांच्या आतबाहेर. ते प्रतिनिधी कसे ठरले, हा पुन्हा वेगळा विषय. १९९७ मध्येही मतदान झालं होतं. सीताराम केसरी ६२२४, आपले शरद पवार ८८२, राजेश पायलट ३५४. पुढच्याच वर्षी केसरींना ज्या रीतीने पद सोडायला लावलं ते सगळ्यांना माहीत आहे. त्याआधी १९३९ मध्ये सुभाषबाबू गांधीजींच्या उमेदवाराला हरवून अध्यक्ष झाले, पण त्यांना कार्यकारिणी बनवता येईना, शेवटी राजीनामा द्यावा लागला. मतपेटीतून आलेल्या अध्यक्षाला काम करू दिलं जाईल याची हमी मतपेटी देत नाही.

आणि शहरात सभासदांचं मतदान म्हटलं की बोगस नोंदणी आलीच. एकच माणूस शेकडो जणांची फी भरतो, पावतीपुस्तकं घरी घेऊन जातो. मी निवडणुकीच्या विरोधात नाही. सभासद यादी आधी सहा महिने कार्यालयाच्या भिंतीवर लावा, हरकती घ्या, मग मतदान घ्या.

एफसीरोड_२००४

धन्यवाद दादा. प्रतिनिधींचं मतदान आणि सभासदांचं मतदान यातला फरक मला माहीत नव्हता. माझ्या वयाच्या मुलांना पक्षात यायचं तर कुठून सुरुवात करायची, हेही कुणी सांगत नाही. युवक आघाडीत गेलं की पहिलं काम वाढदिवसाचा फ्लेक्स.

ताई_हडपसर

बाळा, मतदार यादीपासून सुरुवात कर. आपल्या बूथची यादी घे आणि घरोघरी जाऊन कोण राहतं, कोण गेलं, कुणाचं नाव नाही ते लिहून काढ. कुठल्याही पक्षाच्या शहराध्यक्षापुढे ते कागद ठेव. जो ते कागद वाचेल त्याच्याबरोबर काम कर.

नारायणपेठी

सगळ्यांचे आभार. जुनीपानं यांनी मांडलेला कामराजांचा काळ आणि वकीलसाहेबांचा मुद्दा एकमेकांना जोडून पाहिला तर मला असं दिसतं: संघटनेचं पद आमदारकीकडे जायची पायरी झालं, तिथेच संघटनेची किंमत गेली. पदाधिकारी स्वतःच जर मनातून उमेदवार असेल तर आयोग आणि न्यायालयं आमदार मोजणारच. आम्हीच आमची किंमत तशी ठरवून दिली आहे.

सिंहगडरोडकर, वजनाबद्दल. शहराध्यक्षाची शिफारस डावलून तिकीट द्यायचं असेल तर प्रदेशाने लेखी कारण द्यावं, एवढा एक नियम झाला तरी आमदार कार्यालयात येऊन बसतील. ज्याच्या सहीला अर्थ आहे त्याच्याकडे लोक येतात.

आमच्या शहर समितीपुढे ठराव मांडायचा विचार आहे. मसुदा असा:

शहराध्यक्षाची मुदत तीन वर्षं. निवड सभासदांच्या मतदानाने, यादी सहा महिने आधी प्रसिद्ध करून. मुदतीत अध्यक्ष किंवा त्यांच्या कुटुंबातील व्यक्ती महापालिका, विधानसभा वा लोकसभेची उमेदवार नसेल; लढायचं असल्यास वर्षभर आधी राजीनामा. उमेदवारांची शिफारस प्रभागातल्या सभासदांच्या बैठकीनंतरच. अध्यक्षाने वर्षातून एकदा खुल्या सभेत कामाचा अहवाल द्यावा, त्यात बूथ कमिट्या आणि महिला कार्यकर्त्यांच्या प्रशिक्षणाचा तपशील असावा.

वकील_शिवाजीनगर

मसुदा ठीक आहे. दोन सूचना. 'कुटुंबातील व्यक्ती' म्हणजे कोण ते लिहा: पती, पत्नी, मुलं, सुना-जावई, आईवडील, भावंडं. नाही तर पहिल्याच वेळी वाद होईल. आणि ठराव मांडायच्या आधी तुमच्या पक्षाची आयोगाकडे दिलेली घटना मिळवून वाचा. शहर समितीला स्वतःचे नियम करता येत नसतील तर हा ठराव 'प्रदेशाकडे शिफारस' म्हणूनच मांडावा लागेल. तसा मांडला तरी इतिवृत्तात येतो, आणि पुढच्या तिकीटवाटपाच्या वेळी दाखवायला हातात काही तरी राहतं.

सिंहगडरोडकर

लेखी कारणाची अट मला आवडली. तरी पैशाचं उत्तर मसुद्यात अजून नाही. आमच्या भागात एका साध्या घरातल्या कार्यकर्त्याला अध्यक्ष करायचं ठरलं होतं, रिक्षा चालवून घर चालवणारा माणूस, सगळा प्रभाग त्याला ओळखतो. खर्च झेपणार नाही म्हणून त्याने हात जोडले. तुमच्या नियमाने तिकिटाची आशाही जाते, मग असा माणूस कधीच येणार नाही. कार्यालयाचा आणि अध्यक्षाच्या फिरण्याचा खर्च पक्षनिधीतून, हे कलम घाला. मग मीही आमच्या समितीत हाच ठराव मांडतो.

नारायणपेठी

घातलं. कलम असं केलंय: 'शहर कार्यालयाचं भाडं, वीज, एका पूर्णवेळ कार्यालयीन सेवकाचं मानधन, अध्यक्षाचा प्रवासखर्च आणि आंदोलनातील केसेसचा न्यायालयीन खर्च शहर निधीतून होईल. निधी धनादेशाने किंवा बँकेतून जमा होईल आणि जमाखर्च दर तिमाहीला सूचना फलकावर लागेल.' नगरसेवक आणि आमदारांनी मानधनातला ठरावीक हिस्सा या निधीत द्यावा असंही सुचवतोय. किती हिस्सा, हे बैठकीत ठरू दे. तुमच्या समितीत काय आकडा निघतो तो इथे कळवा.